दोन ते चारचा पहारा

(शताब्दी सप्ताहाच्या चौथ्या दिवशी, हरिपाठानंतर घाटावरच्या मांडवात केलेल्या भाषणाचा मजकूर)



 आम्ही कीर्तनकार नव्हे. नारदाच्या गादीवर उभं राहण्याचा आमचा अधिकार नाही, म्हणून गादी सोडून बाजूला उभे आहोत. दिंडीला शंभर वर्षं झाली, कुणीतरी आपल्या वाईबद्दल आणि दिंडीबद्दल चार शब्द बोला, असं मंडळींनी ठरवलं आणि आमच्या पांढऱ्या केसांकडे बघून हे काम आमच्या गळ्यात घातलं. अर्धा तास बोलू. पंगत खोळंबणार नाही, काळजी नसावी.

वाईला दक्षिण काशी म्हणतात, हे तुम्हाला आम्ही सांगायला नको. आपण इथलेच. पण इथलाच माणूस आपल्या गावाकडे कमी बघतो. बाहेरचा पाहुणा येतो, घाट बघतो, ढोल्या गणपतीपुढे हात जोडतो, मेणवलीला जाऊन नाना फडणवीसांचा वाडा आणि वसईहून आलेली ती मोठी घंटा बघतो, आणि संध्याकाळी पसरणीचा घाट चढून पाचगणीला जातो. त्याचं क्षेत्र बघून झालं. आपलं क्षेत्र मात्र रोज पहाटे नव्यानं सुरू होतं. काशीविश्वेश्वराच्या काळ्या कुळकुळीत नंदीला कुणीतरी पाणी घालतं. पायऱ्यांवरचा पालापाचोळा कुणीतरी झाडतं. फुलवाली टोपली मांडते. बावधन, पसरणी, धोमच्या अंगाची माणसं भाजी घेऊन बाजाराला येतात. फाल्गुन-चैत्रात हळद शिजवायला लागली की शिवारात गेलेल्या माणसाच्या कपड्यांनासुद्धा तिचा वास राहतो. हे सगळं घडतं तेव्हा कुणी फोटो काढत नाही. पण हे थांबलं तर चार दिवसांत देवळं म्हणजे नुसते दगड उरतील.

ढोल्या गणपतीचं देऊळ गणपतराव भिकाजी रास्ते यांनी १७६२ साली बांधलं. शेजारचं काशीविश्वेश्वराचं आनंदराव भिकाजी रास्ते यांचं, १७५७ चं. गणपतीच्या देवळाची मागची भिंत सरळ नाही, हे आपण लहानपणापासून बघतो. ती माशासारखी निमुळती होत गेलेली आहे. कृष्णामाईला पूर आला की पाण्याचा लोंढा त्या टोकावर फुटावा आणि दोन्ही अंगांनी निघून जावा, यासाठी बांधणाऱ्यानं केलेली ती युक्ती. अडीचशेहून जास्त वर्षं ती भिंत पूर फोडते आहे. पण माऊली, भिंत पूर फोडते, गाळ काढत नाही. पाणी उतरल्यावर गाभाऱ्यातला, सभामंडपातला, पायऱ्यांवरचा गाळ माणसांनाच काढावा लागतो. रास्त्यांचं नाव इतिहासात आहे आणि ते असायलाच पाहिजे. पण अडीचशे वर्षांत ज्यांनी ज्यांनी घमेली भरभरून गाळ उपसला, त्यांची नावं कुठं आहेत? परंपरा टिकली ती दोघांच्या जोरावर. बांधणाऱ्यानं एकदा बांधलं, काढणाऱ्यांनी दर पुराला काढलं.

आता कृष्णाबाईचा उत्सव बघा. अफझलखान १६५९ साली फौज घेऊन वाईला आला, त्या संकटाच्या वेळी शिवाजीराजांना यश मिळावं म्हणून इथं कृष्णामाईला नवस बोलला गेला आणि तेव्हापासून हा उत्सव चालू आहे, असं आपले वाडवडील सांगत आले. हा उत्सव एका देवळाचा नाही की एका घराण्याचा नाही. गंगापुरी, मधली आळी, गणपती आळी, धर्मपुरी, ब्राह्मणशाही, रामडोह आळी, भीमकुंड आळी अशा सात घाटांवर तो पाळीपाळीनं होतो. माघात सुरू होतो तो चैत्रापर्यंत चालतो. एका घाटाचा मांडव उतरतो, दुसऱ्याचा उभा राहतो. एकाच आळीवर सगळा भार टाकला असता तर हा उत्सव कधीच दमून बसला असता. सात जणांनी वाटून घेतला म्हणून साडेतीनशे वर्षं चालला.

बावधनच्या बगाडाचंही तेच. रंगपंचमीला सोनेश्वराहून भैरवनाथाकडे बगाड निघतं. एवढं अवजड लाकडी धूड, दगडी चाकं, वर शिडाला टांगलेला बगाड्या. एकच बैलजोडी हे सगळं अंतर ओढील का? शिवारातून जाताना बैल बदलत जातात. एका खोंडाचा दम संपायच्या आत दुसऱ्याच्या मानेवर जू येतं. बैल दमला म्हणून त्याला कुणी नावं ठेवत नाही. पण पाळीचा बैल दावणीला तयार नसला, तर मात्र मालकाला सगळं गाव बोलतं.

विद्येचं क्षेत्र म्हणाल तर तिथंही पाळीच. नारायणशास्त्री मराठ्यांनी, म्हणजे पुढं जे केवलानंद सरस्वती झाले त्यांनी, १९१६ साली इथं प्राज्ञपाठशाळा काढली. १९१७ साली विनोबा त्यांच्याकडे शिकायला येऊन राहिले होते. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी त्याच पाठशाळेचे. त्यांनी मराठी विश्वकोशाचं काम वाईत बसून मांडलं. पहिला खंड १९७६ साली निघाला. तर्कतीर्थ १९९४ साली गेले, तेव्हा काम पुरं झालेलं नव्हतं. मागच्यांनी ते हातात घेतलं आणि वीस खंड झाले. सुरू करणाऱ्यानं शेवट बघायलाच पाहिजे, असा काही नियम नाही. आपल्या पाळीचं काम चोख करून पुढच्याच्या हातात द्यायचं, एवढाच नियम.

एवढं लांबण लावलं ते याच्यासाठी की आता दिंडीवर बोलायचंय.

आपल्या सातारा जिल्ह्याला वारीचं एक मोठं भाग्य लाभलेलं आहे. माऊलींच्या पालखीचा आजचा सोहळा ज्यांनी साधारण १८३२ च्या सुमारास लावून दिला, ते हैबतबाबा आपल्याच जिल्ह्यातल्या आरफळचे. शिंदे सरकारच्या पदरी असलेला हा माणूस. त्यानं रथ, घोडे, दिंड्यांचा क्रम अशी फौजेसारखी शिस्त भक्तीला लावून दिली. म्हणून आज लाखो माणसं चालतात आणि तरी वाट मोडत नाही. पालखी नीरा ओलांडून आपल्या जिल्ह्यात येते. आपली दिंडी वाईहून निघून सुरूर, खंबाटकीचा घाट, खंडाळा अशी चालत लोणंदला माऊलींना मिळते. पुढं चांदोबाच्या लिंबाचं उभं रिंगण, तरडगाव, फलटण, बरड करत नातेपुत्याच्या अंगानं पंढरीची वाट.

आपल्या पहिल्या वीणेकऱ्यांनी दिंडी काढली तेव्हा त्यांच्याजवळ काय होतं? एक वीणा, एक पखवाज, पाच-सहा टाळांचे जोड आणि एक वही. ती जुनी वही या शताब्दीच्या निमित्तानं आम्ही परत वाचली. वाळवीनं खाल्लेली, कडा झडलेल्या. भिशीचा हिशेब आहे. अमक्याच्या घरून दोन पायली ज्वारी. तमक्याच्या घरून शेर तांदूळ. कुणाच्या घरून हळदीचं कांडं आणि मिठाची पुरचुंडी. पानापानावर 'घरून' हा शब्द. आम्ही तो शंभर वेळा वाचला असेल, पण यंदा पहिल्यांदा अडखळलो. घरून म्हणजे कुणाकडून? ज्वारी पाखडली कुणी, दळली कुणी, पुरचुंडी बांधली कुणी? वहीत बापयांची नावं आहेत आणि बायांच्या जागी 'घर' आहे.

हे आताच का खटकलं, ते सांगतो. सांगावं की न सांगावं, असं चार महिने मनात घोळत होतं. पण समाजआरतीची रीत तुम्हाला ठाऊक आहे. मुक्कामावर सगळ्या दिंड्या गोल उभ्या राहतात. चोपदार दंड वर करतात आणि एवढा समुदाय एका क्षणात चिडीचूप होतो. पण ज्या दिंडीची काही तक्रार असेल, ती टाळ वाजवतच राहते. तिचं ऐकून घेतल्याशिवाय पुढं जायचं नाही. वारीनं तक्रारीलासुद्धा मान दिलेला आहे. आज आम्हीही टाळ वाजवत राहणार आहोत. तक्रार दुसऱ्या कुणाची नाही, आमची स्वतःचीच आहे.

सप्ताहात वीणा खाली ठेवायची नाही, हा नेम. सात दिवस, सात रात्री. एक पहारा दोन तासांचा. दिवसाचे बारा, सात दिवसांचे चौऱ्याऐंशी. आमचे जुने वीणेकरी हसून म्हणायचे, चौऱ्याऐंशी लक्ष योनींचे फेरे चुकवायचेत ना, मग चौऱ्याऐंशी पहारे भरा आधी! वीणा द्यायची रीतही ठरलेली. येणारा आधी पाया पडतो, बुक्का लागतो, एकाच्या गळ्यातली वीणा निघायच्या आत दुसऱ्याच्या गळ्यात जाते. नामाला खंड नाही.

गेल्या वर्षीच्या सप्ताहाची पाचवी रात्र. रात्री दहा ते बाराचा पहारा आमच्यातल्या एका जुन्या माळकऱ्याचा. वय शहात्तर. सगळे त्यांना तात्या म्हणतात, आम्हीही तात्याच म्हणू. कीर्तन सुटलं, मंडळी पांगली. जागराला आलेले बाहेरगावचे भजनी बारा वाजता जीपनं निघून गेले. बारा ते दोनवाला तापानं फणफणलेला घरी पडून होता. त्यानं निरोप धाडला होता, पण निरोप घेणाराच झोपून गेला. दोन ते चारवाला पोरगा मुंबईहून यायचा होता. तो आलाच नाही. तात्या एकटे उभे. मांडवात दिवा आणि ते. हाक मारावी तर नाम थांबतं. वीणा ठेवावी तर नेम मोडतो. गुडघ्यांचं दुखणं जुनं. खांबाला पाठ लावून ते उभे राहिले.

साडेतीनला काकड्याच्या मंडळींसाठी चहाचं आधण ठेवायला बाया आल्या. त्यांत तात्यांची सून होती. ती मांडवात डोकावली. सासऱ्याचे पाय लटपटताना तिनं बघितले. डोक्यावरचा पदर सारखा केला, पाया पडली आणि म्हणाली, "तात्या, द्या इकडं. तुम्ही बसा जरा."

तात्यांनी तिच्याकडे बघितलं. आणि दिली. रीतीप्रमाणे, आपल्या गळ्यातून काढायच्या आत तिच्या गळ्यात. मग खाली बसले ते तिथंच, वीणेच्या पायाशी.

चार वाजता काकड्याला मंडळी आली. वीणा बाईच्या गळ्यात. नाम चालू होतं, सूर बरोबर होता, दिव्यात तेल होतं. पण मांडवाच्या तोंडाशी चार-पाच जणांची पावलं थबकली. कुणी कुणाकडे बघितलं. एक जण माघारी फिरला. पाच मिनिटांत कुणीतरी पुढं होऊन वीणा घेतली. तिला कुणी एक शब्द बोललं नाही. पायही कुणी धरले नाहीत. ती गेली आणि चहाच्या पातेल्याशी बसली.

थबकलेल्यांत आम्ही होतो, माऊली.

आणि दोन ते चारला जो पोरगा आला नाही, तो आमचाच नातू. मुंबईत मालाच्या बाजारात कामाला आहे. आपल्या तालुक्यातली, जावळीतली, पाटणकडची कितीतरी घरं माथाडीच्या पाटीवर आणि गोदीतल्या कामावर उभी राहिली, हे सांगायला नको. सुट्टी मिळाली नाही, पोरगा आला नाही. दुसऱ्या दिवशी फोन करून आम्ही त्याला वाट्टेल ते बोललो. तो ऐकून घेत होता. शेवटी एवढंच म्हणाला, "आजोबा, माझं नाव यादीत तुम्ही लिहिलंत. मला विचारलंत कधी?"

तेव्हापासून हा काटा रुतलेला आहे. जो इथं नव्हता, त्याचं नाव आम्ही यादीत लिहिलं. जी रोज पहाटे साडेतीनला इथं होती, तिचं नाव लिहायला आमचा हात धजला नाही.

सप्ताह संपल्यावर बैठक झाली. वाईट बोलणारं कुणी नव्हतं, हे आधी सांगतो. कुणी म्हणालं, आजवर झालं नाही. कुणी म्हणालं, सोवळ्याओवळ्याचा प्रश्न येतो. कुणी म्हणालं, लोक काय म्हणतील. आम्ही सगळ्यांत जुने, म्हणून सगळे आमच्याकडे बघत होते. आम्ही गप्प बसलो. त्या गप्प बसण्याचा आज हिशेब देतो आहोत.

आजवर झालं नाही म्हणता? मुक्ताबाई, जनाबाई, सोयराबाई, कान्होपात्रा, बहिणाबाई, यांची नावं घेतल्याशिवाय आपल्या संतांची मांदियाळी पुरी होत नाही. मुक्ताईला गुरू मानणारे चांगदेव वयानं केवढे! ज्यांच्या मुखातलं नाम आपण सप्ताहभर गातो, त्यांच्याच लेकींच्या गळ्यात वीणा गेली तर नेम मोडतो, हे आम्हाला आता स्वतःलाच समजावून सांगता येत नाही. आणि दुसऱ्या गावांत कितीतरी ठिकाणी बाया वीणेचा पहारा करतात. त्यांचा सप्ताह काही अडलेला नाही.

शास्त्र म्हणाल, तर आपण वाईची माणसं. अस्पृश्यतेला शास्त्राचा आधार नाही, हे मांडण्यासाठी १९३२ साली येरवड्याच्या तुरुंगात गांधीजींकडे जे शास्त्री गेले, ते आपले लक्ष्मणशास्त्री जोशी. याच वाईच्या पाठशाळेतून गेले. १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजींनी पंढरपुरात उपोषण केलं, तेव्हा कुठं विठोबाचं दार सगळ्या लेकरांना उघडलं. दार उघडलं म्हणून विठोबा विटेवरून उतरला का? तो तसाच कटेवर हात ठेवून उभा आहे. आपणच दाराशी थबकलो होतो.

लोक काय म्हणतील, याचं उत्तर आमच्याकडे नाही. म्हणतील. आम्हीही म्हणालो असतो.

एक गोष्ट मात्र स्पष्ट करतो. पहारे रिकामे पडायला लागले म्हणून बायांना बोलवा, असं आम्ही म्हणत नाही. तसं म्हटलं तर ती परत वेठच झाली. गाळ काढायला हाक आणि उत्सवाला पाठ. दिंडीत तुळस डोक्यावर घेऊन लोणंदपासून पंढरपूरपर्यंत ती चालते. मुक्कामाला पोचल्यावर आपण पाय पसरतो आणि ती चूल पेटवते. हे शंभर वर्षांचं देणं आहे. त्यातलं थोडं फेडावं, एवढंच.

म्हणून यंदा आम्ही काय केलं, ते सांगतो. मंडळींनी शेवटी परवानगी दिली, त्याबद्दल त्यांचे पाय धरतो. यंदाची पहाऱ्याची यादी आम्ही घरी बसून लिहिली नाही. कोरा कागद मांडवाच्या खांबाला लावला. ज्यानं त्यानं, जिनं तिनं, आपल्या हातानं आपलं नाव लिहायचं. दुसऱ्याचं नाव लिहायचं नाही. बापानं लेकाचं नाही, सासऱ्यानं सुनेचं नाही, आजोबानं नातवाचं तर अजिबात नाही. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी अंगठा द्यावा, वेळ आम्ही घालतो.

आज चौथा दिवस. कागद तिथं समोर आहे, वाचून घ्या. चौऱ्याऐंशीपैकी एकोणीस जागा काल सकाळपर्यंत रिकाम्या होत्या. काल दुपारी एक नाव पडलं. अक्षर शाळेतल्या पोरीसारखं गोल आहे. पाचवी रात्र, दोन ते चार. तात्यांच्या सुनेचं. तिनं विचारलं नाही कुणाला, आणि विचारायची गरजही नव्हती.

त्याच्या खाली, सहाव्या रात्रीच्या दोन ते चारला, आणखी एक नाव आहे. ते आमच्या नातवाचं. यंदा तो आलाय, तिकडं मागं पखवाजाशी बसलाय. त्यानं ते स्वतः लिहिलं. आम्ही नुसतं बघितलं आणि नजर वळवली, कारण डोळ्यांत पाणी आलं होतं.

अजून सतरा जागा शिल्लक आहेत. कीर्तनाला दोन हजार माणूस बसतं, पंगतीला त्याहून जास्त. रात्रीचे दोन तास उभं राहायला सतरा जण मिळणार नाहीत, असं आम्हाला वाटत नाही. झोप येईल, पाय दुखतील. समोर कृष्णामाई अंधारात वाहत असते. वैशाखात पाणी थोडं, धोमच्या धरणातून सुटेल तेवढंच, पण रात्री कान दिला तर ऐकू येतं. आम्ही साठ वर्षं तो पहारा केला. दोन ते चारच्या वेळेला माणसाला आपलं खरं वय कळतं आणि आपलं खरं नावही कळतं. त्या वेळेला कुणी बघत नसतं. विठोबा बघत असतो.

उद्या रात्री दोन वाजता आम्ही मांडवात येणार आहोत. पहारा आमचा नाही. तिचा आहे. गेल्या वर्षी जे राहून गेलं, ते करायला येणार आहोत. वीणेचे पाय धरायचे आहेत. ज्यांना यायचंय त्यांनी या.

आता आमचे टाळ थांबले. बोलण्यात काही उणंदुणं झालं असेल तर लेकरू समजून पदरात घ्या. पंगत बसवा.

राम कृष्ण हरी.